लाल खडू

उद्यमनगरात आमचं शेड.
सीएनसी दोन, जुनी लेथ पाच,
आणि माझं तोंड, आठवी मशीन.
तिला स्विचच नव्हता.

मालकाची चाल, कुलकर्णी अकाउंटंटचं शिंकणं,
कुणीच सुटलं नाही.
"नाद खुळा रं तुजा," पोरं म्हणायची
आणि मी आणखी चढायचो.

सुकुमार मगदूम आमचा चेकर.
जॉब मापात नसला की
लाल खडूनं फुली. तोंडानं अक्षर नाही.
चौथ्या स्थळानं त्याला नकार कळवला
त्या सोमवारी मी त्याचाच खडू उचलला
आणि पाठ थोपटायच्या निमित्तानं
शर्टावर फुली मारली.

शेड खिदळलं. चहावाला पोरगाही.
सुकुमार हसला, सगळे हसतात म्हणून,
कशाला ते न कळता.
फुलीसकट गेटबाहेर पडला,
फुलीसकट उचगावच्या केएमटीत चढला.
पुढचं मला दिसलं नाही.
आईनंच शर्ट धुतला असणार.

मंगळवारी तोच शर्ट. पाठीवर फिकट गुलाबी.
माझे सगळे जॉब त्यानं पास केले,
एकावरही फुली नाही.
तेच जास्त झोंबलं.

हसनभाई मुजावर डबा उघडत बोलले,
"तिखट आमालाबी आवडतं, पोरा.
पर हात न धुता
दुसऱ्याचा डोळा चोळू नये."

हेच हसनभाई. महापुराच्या साली
गुडघाभर पाण्यात, आपल्या बुडालेल्या लेथपुढं उभे राहून
म्हणाले होते, "तीस वर्सांत
पहिली आंघोळ हिची!"
रडायला आलेला मालकही हसला होता
आणि मग आम्ही मोटरी उचलायला लागलो होतो.

शनिवारी, पगाराच्या रांगेत,
मी सुकुमारपुढं पाठ केली.
खडू दिला. "मार."
त्यानं खडू खिशात टाकला,
व्हर्नियर काढला.
"जीभ काढ."
काढली.
जबडे लावले, डोळा बारीक करून वाचलं,
रजिस्टरात लिहिल्यासारखं केलं.
"तीन एमएम जास्त आहे.
रीवर्क होईल. स्क्रॅप नको करायला."

रांग फुटली. हसनभाईंना ठसका लागला.
मी जीभ आत घ्यायलाच विसरलो.

सुकुमार पाकीट घेऊन वळला, सायकल स्टँडकडं निघाला.
तोच शर्ट होता.
ऊन तिरकं पडलं होतं,
आणि बघायचं ठरवलं तर
अजून दिसत होती.