दक्षिणेस ओढा

लिहून देणार, लिहून घेणार,
आणि दोघांच्या मधे मी.
दस्तगीर मुल्ला, दुय्यम निबंधक कचेरी, सांगली,
जिन्याखालचं टेबल, एका पायाखाली वीट.
नावातच दस्त घेऊन आलास की रे,
मगदूम वकील पहिल्या दिवशी म्हणाले
आणि चहा सांगितला.
पैसे मी दिले.

तेव्हा त्यांच्याकडे एकच काळा कोट.
हळदीच्या पेठेत खोली होती,
कॉलर कायम पिवळी.
बांधाचे दावे लढायचे:
दोन भाऊ, एक बांध, अठरा वर्षं तारखा.
एकदा टपरीवर म्हणाले, दस्तगीर,
भांडून जमीन हातभर सरकते.
तुकडे पाडले की ती चालायला लागते.

मग तुकडे पाडले.
हरिपूर रस्त्याच्या अलीकडे साडेतीन एकर काळं रान,
चुन्याच्या फक्कीनं आखलेले चौसष्ट प्लॉट,
वर लोखंडी कमान, कमानीवर त्यांच्या आईचं नाव.
पूर्वेस नऊ मीटर रस्ता.
पश्चिमेस प्लॉट नंबर अमुक.
उत्तरेस आदगोंडा चौगुले यांची मिळकत.
दक्षिणेस ओढा.

साहेबांनी कागद मशीनमधून ओढून घेतला.
कुठाय ओढा? पाणी दिसतंय का तुला?
चैत्र होता. पाणी नव्हतं.
बाभळी होत्या, चिंध्या होत्या, एक मेलेली घूस होती.
लिही, मोकळी जागा.

लिहिलं.
चौसष्ट वेळा नाही, शेवटच्या रांगेपुरतं, नऊ वेळा.
त्यातला नववा माझा.
टायपिंगचं बिल थकलं होतं, त्यापोटी अर्ध्या दरात.
साहेब मनानं मोठे.
लिहून घेणार मी, लिहिणारही मी,
आणि स्वतःच्या खतावर
एक अक्षर खोडलं नाही.

कृष्णेला टाइप वाचता येत नाही.
ती मूळ नकाशा घेऊन आली.
मोकळी जागा दारातून आत शिरली,
कपाट चढली,
भिंतीवरच्या घड्याळाखाली चार बोटं थांबली.
आम्ही गच्चीवर. तिसऱ्या दिवशी होडी आली,
होडीत साहेब, कमरेपर्यंत भिजलेले,
मेणबत्त्या, बिस्किटं, पोरांची नावं पाठ.
कुणाला काही विचारावंसं वाटलं नाही.
मलाही नाही, हे लिहून ठेवतो.

पाणी उतरल्यावर सभा झाली.
एका बाजूला प्लॉटवाले, एका बाजूला महापालिका,
साहेब मधल्या खुर्चीवर.
चार तास दोन्हींकडे मान हलवत राहिले.
दोन्ही बाजू जिंकून घरी गेल्या.
भरपाई कुणालाच मिळाली नाही.
पुढं त्यांच्या अशा सभा मोठ्या होत गेल्या,
मुंबईत, मग दिल्लीत,
आणि कुणाच्या तरी ध्यानात आलं
की हे काम परदेशात लागतं.

वकील होते, वकिलात मिळाली.
माझ्या हिशेबी दीड अक्षराची वाढ.
पेपरात फोटो आला: समुद्र नसलेला कुठलासा देश,
बंदगळा, हातात राष्ट्रपतींचं पत्र.
मी भिंग लावून कॉलर बघितली.
पांढरी होती.

परवा रात्री दीड वाजता फोन.
दस्तगीर, झोपला नाहीस ना?
वकिलातीसाठी जागा घेतोय.
इथला कारकून अडून बसलाय.
दक्षिणेला एक ओहोळ आहे, ठणठणीत कोरडा.
म्हणतो, करारात आलाच पाहिजे.
एखादा शब्द सुचव की तुझ्यातला.

मागच्या बाजूला बेडूक ओरडत होते.
त्यांनाही ऐकू गेले असतील.
म्हटलं, साहेब, नाव काय त्या कारकुनाचं?
त्यांना माहीत नव्हतं.
म्हटलं, आधी नाव विचारा,
चहा सांगा.
पैसे तुम्ही द्या.

शेवटी काय लिहिलं ते कळवलं नाही.
माझ्या खतात अजून मोकळी जागाच आहे.
सध्या घराला रंग काढलाय.
रंगाऱ्याला सांगितलंय,
घड्याळाखालची रेघ तेवढी सोड.