लगाम धरणारा

सेनेनच्या बाजारात, केळीच्या पानात भात बांधता बांधता
साओदानं फोटो उजेडाकडे धरला.
बटाव्हियातला जुना बोलपट; रिळं कधीच विरघळली,
आंबूस वास तेवढा डब्यात उरला.

फोटोत नायिका, नायक, पांढरा घोडा,
आणि चौकटीनं निम्मा कापलेला कुणी.

"यात मिसार कुठाय?"
विचारणाऱ्याचं बोट नायकावर घुटमळलं.

ती हसली. लगामावरचा हात दाखवला,
करंगळीचं पेर नसलेला.
"हा. अर्धा गिल्डर रोज, मिशी स्वतःची.
घोड्याला इतका भ्यायचा
की रात्री झोपेतसुद्धा
माझी वेणी मुठीत आवळून असायचा."

मग पान दुमडलं,
बांबूची काडी खोचली.
"किती बांधू?"