एकदाच

तार्तूच्या शब्दकोश-कचेरीत, तिसऱ्या मजल्यावर,
लाकडी खणांत चिठ्ठ्या आहेत. किती, ते कुणी मोजलेलं नाही.
माइमू मोजत नाही. ती नुसती बोटं फिरवते
आणि कुठला कागद ओल धरतोय ते सांगते.

मी त्या चिठ्ठ्यांचे फोटो काढायला ठेवलेली बाई.
बाहेर उणे एकोणीस. खिडकीखाली नदी
गोठून पडलेली, तिच्यावर कुत्र्याच्या पावलांची एक ओळ.
"या खणाला काय म्हणायचं?" मी विचारते.
ती चष्मा कपाळावर ढकलते.

"हे भूत."
कुणा मास्तराने बेटावरून आणलेली चिठ्ठी,
तिच्यावर खाऱ्या हेरिंगच्या पाण्याचा ओघळ,
एका अक्षराचं दुसरं झालं, आणि जन्मला शब्द
जो कुणाच्याच तोंडात कधी नव्हता.
चाळीस वर्षं कोशात ऐटीत राहिला.
चौदाच्या चौदा विभक्त्यांत त्याला चालवला.
विल्यांदीच्या एका मुलीचा तो शुद्धलेखनात चुकला, ती रडली.
मग कुणीतरी मूळ चिठ्ठी उजेडात धरली.
"कोशातून काढला. पण चिठ्ठी फेकवेना.
त्याच्यापायी कुणी रडलंय ना."

मागाहून पडलेली नावं दुपारच्या कॉफीबरोबर निघतात.
कागदी पत्र. तारेचा फोन.
"लग्न झालं तेव्हा आर्वो नुसता नवरा होता.
'पहिला' तो झाला एकतीस वर्षांनी,
मी दुसरं केलं त्या शनिवारी.
तोवर तर तो मातीत होता.
बिचाऱ्याला बसल्याजागी बढती."

मग मी माझ्याकडचं काढलं:
शेजारपाजारातला पाजार.
शेजार एकटा राहू शकतो, भिंतीला भिंत लावून.
पाजार कुणाला एकटा भेटलाय?
"पाच्चार, पाच्चार," तिने घोळवून पाहिलं
आणि पेन्सिलीने वर्ग लिहिला: कडेवरचं मूल.
उलट्या शब्दांचंही सांगितलं. नारळ आम्ही वाढवतो,
म्हणजे फोडतो. आणि निघताना म्हणतो, येतो.
"म्हणजे जाणाऱ्याला तुम्ही जाऊच देत नाही,"
असं म्हणून ती बराच वेळ
आर्वोच्या जुन्या मफलरची गाठ सोडवत बसली.

सगळ्यात खालच्या खणात एकच चिठ्ठी.
वर्गाचं नाव ग्रीक, हापाक्स: एकदाच आलेला.
हियूमा बेट, ऑक्टोबर सत्तावन्न. सांगणारी लीना, जाळी विणते.
अर्थाच्या जागी टिपून घेणाऱ्याचं अक्षर:
"दारात उभी राहून, समुद्राकडे बघत म्हणाली.
पुन्हा विचारलं तर हसली. आत जाऊन दार लावलं."
पुढच्या उन्हाळ्यात तो परत गेला. घराला कुलूप.

कशाला म्हणाली असेल?
परत न आलेल्या होडीला? वाऱ्याच्या एखाद्या जातीला?
की समोरच्या त्या पोरालाच,
वही छातीशी धरून थंडीने निळं पडलेल्या?

मी मनात वाचते. ओठ हलतात. माइमू बोट उचलते.
"मोठ्याने नको. दुसऱ्यांदा झाला
की त्याला या खणात राहता येणार नाही."

म्हणून तो इथेही लिहीत नाही.
मधे एक दीर्घ स्वर आहे, जांभईएवढा. इतकं पुरे.
(कॅमेऱ्याने तो टिपला, हे वापरणं धरायचं का,
यावर आमचं अजून भांडण आहे.)

शुक्रवारी तिचा शेवटचा दिवस होता.
केक झाला, संचालकांचं भाषण झालं,
तिने लोकरी टोपी कानांवर ओढली
आणि दारात वळून माझ्याकडे पाहत म्हणाली,
"येतो."

तिच्या भाषेत बाई-पुरुष असा फरकच नाही.
मी दुरुस्त केलं नाही.
कोरी चिठ्ठी घेतली, तारीख घातली.
सांगणारी: माइमू, दारात.
अर्थाची जागा मोकळी ठेवली.