नव्वद दिवस

इवालोत डिसेंबर निम्मा सरला
आणि सूर्याचा अजून पत्ता नाही.
दुपारी बाराला आकाशाची कड जराशी निळी होते,
कुणी दार किलकिलं करून पाहावं
आणि परत लावून घ्यावं, तशी.

तैमी मात्तुस, रात्रपाळी,
चार हजार घरांना इंटरनेट देणाऱ्या कंपनीत
या घटकेला जागी असलेली एकटी बाई,
हेलसिंकीहून आलेली यादी उघडते.
अकरा नावं. न्यायालयाचा शिक्का. मुदत : सकाळी आठ.

पाडायचं काहीच नसतं.
घरं तिथंच राहतात, कुठल्याशा देशात, दिवे चालू.
फक्त पत्ता विचारणाऱ्याला सांगायचं,
या नावाचं इथे कुणी राहत नाही.
एक ओळ लिहायची, एन्टर दाबायचं.
कॉफी गार व्हायच्या आत
अकरा घरं बेपत्ता.

खरं सांगायचं तर तिला त्यात पाप वाटलं नाही.
तिची मावसबहीण सिनेमांचं संकलन करते.
दोन वर्षं खपून केलेला एक
प्रदर्शनाच्या आदल्या रात्रीच घरोघर पोचला होता
आणि निर्मात्यानं शेवटचा हप्ता दिलाच नाही.
चोरी ती चोरीच.
पण तैमीचा भाचा, वय तेरा,
सेटिंगमधला एक आकडा बदलून
साडेआठला पुन्हा आत होता.
कुलूप लागलं ते फक्त
ज्यांना खिडकीतून उडी मारता येत नाही त्यांना.

मंगळवारी फोन आला, सेवेत्तियार्वीहून.
वासी सेमेनोफ, वय एक्क्याऐंशी.
"माझी आई लागत नाहीये."
तिला वाटलं, म्हातारा चळलाय.
मग उलगडत गेलं :
तो लहान असताना एक संशोधक टेपयंत्र घेऊन आला,
शेगडीपाशी बसून आईनं तीन गाणी म्हटली,
टेप शहरात गेली, कपाटात गेली, हक्क राखीव झाले.
पुढे कितीतरी वर्षांनी कुणीतरी, नाव न सांगता,
ती सातव्या क्रमांकाच्या घरात आणून ठेवली,
हाणामारीच्या सिनेमांना खेटून.
सुक्याबरोबर ओलंही.

तैमीनं समोरचं छापील वाक्य वाचलं :
न्यायालयाच्या आदेशानुसार ही सेवा...
पलीकडे बराच वेळ नुसतं लाकूड तडतडत होतं.
"म्हणजे, आईनं काय केलं?"

याला छापील वाक्य नव्हतं.

"कुठे सापडलीच तर तुला ओळखता यावी," म्हणाला,
आणि गायला.
दम तुटत होता. स्कोल्ट भाषा, तिला निम्मीच कळणारी :
रेनडिअर, बुडालेला भाऊ,
आणि एक नाव, पुन्हा पुन्हा.

माझ्या भाषेत म्हणतात,
कोंबडं झाकलं म्हणून तांबडं फुटायचं राहत नाही.
ही म्हण रचणारा इवालोत राहिला नसावा.
इथे कोंबडं नाही, झाकणाराही दिसत नाही,
आणि तांबडं पाच आठवडे फुटत नाही.
माणसं दिवे लावतात, कामाला जातात.

शुक्रवारी, पाळी संपता संपता, नवी यादी. चौदा नावं.
या वेळी वर लिहिलंय : गोपनीय.
बाराव्या ओळीवर ती थबकते.
हा माणूस सिनेमे वाटत नाही.
कोणकोणती नावं नाहीशी झाली
त्याची तो नोंद ठेवतो, एवढंच.

कर्सर लुकलुकतो.

आणि मग तिला आठवतं,
प्रत्येक फोनच्या आधी एक गोड आवाज सांगतो :
सेवेच्या गुणवत्तेसाठी हे संभाषण ध्वनिमुद्रित होत आहे.
म्हणजे वासीची आई,
मुलाच्या घशातून का होईना,
कंपनीच्याच कपाटात आहे.
फाइलचं नाव : तारीख, वेळ, सहा आकडे.
नव्वद दिवसांनी आपोआप नष्ट.

नव्वद दिवस म्हणजे मार्च.
तोवर सूर्य आलेला असेल,
बर्फावर डोळे दिपतील इतका.

ती खणातून पेन ड्राइव्ह काढते. त्यावर भाच्याचं नाव आहे.
बाराव्या ओळीपुढे अजून काही लिहिलेलं नाही.
आठ वाजायला चाळीस मिनिटं आहेत.