कपाट, अकरा मिनिटं

जेलरोडला, क्लासच्या हॉलमध्ये,
फळ्यावर कालचं प्रमेय अर्धं पुसलेलं,
त्यावरच चादर ताणून
गायधन्यांच्या शाल्मलीनं लावल्या
लागोसहून आलेल्या छोट्या फिल्मा.
मी गेलो, कारण ती म्हणाली होती,
"काका, यात नोटा आहेत."

आधी तिनं समजावलं :
तिकडे बाजारात सीडीवर खपणारे पिक्चर,
त्यात माणूस मांत्रिकाकडे जातो,
आईला देतो, बदल्यात घेतो
रातोरात भरणारं कपाट.
मग पावडर फासलेलं भूत, कंप्युटरची वीज,
एकच थप्पड तीन बाजूंनी तीनदा,
आणि ऐन वेळी अक्षरं : भाग दोन पाहा.
आम्ही हसलो. आपल्याकडे तरी काय कमी आहे?

पण ही फिल्म काढणारी पोरगी वेगळीच.
तिनं मांत्रिकच उडवला.
थप्पड ठेवली, नुसता आवाज. गाल नाही.
अकरा मिनिटं एक बंद कपाट,
मागे कुठंतरी जनरेटर धापा टाकतोय.
पुढची दोन पोरं उठून पाववडा खायला गेली.
सातव्या मिनिटाला भूत येतं.
आई.
बादलीतल्या पाण्यानं तोंडाची पावडर धुते,
नीट, कानामागूनसुद्धा,
आणि कपाट उघडून
मोजायला बसते.

एकतीस वर्षं मी नाशिकरोडच्या प्रेसमध्ये.
करकरीत ताव नजरेखालून जायचे,
डाग दिसला की बाजूला.
इतका पैसा पाहिला
की पगाराच्या दिवशी तो पैसा वाटायचाच नाही,
कागद वाटायचा, चुकून खिशात आलेला.

मी तिचा अंगठा बघत होतो.
सराईत. थुंकी नाही, ओला स्पंज.
तिच्या ओठांवर कुठलीशी भाषा,
माझ्या मनात मराठी :
पंचेचाळीस, सेहेचाळीस, सत्तेचाळीस...
अंगठा अडला.
तीच नोट पुन्हा मोजली.
माझ्या पोटात धस्स झालं.

तिथंच अंधार. भाग दोन नाही.

मग लोक बोलले, बाईवर, भुकेवर, देशावर.
शाल्मलीनं विचारलं, "काका, तुम्हाला?"
म्हणालो, गड्डीत एक नोट कमी भरणार.
आता तिची झडती होईल.
सगळे हसले.
मी विनोद केला नव्हता.

दारातून बाहेर पडताना
माझे दोन्ही हात आपोआप वर गेले.
शटर ओढणारा पोरगा थांबला,
"काका, काही राहिलं का आत?"