एकोणिसावी बरणी

पियानो लावणं हा माझा धंदा. बापाचाही हाच.
चाळीस वर्षांत एकाच बाईनं मला
पियानो बिघडवायचे पैसे दिले.
दिले म्हणजे, कबूल केले.

वूच शहर. पोलिशमध्ये या नावाचा अर्थ होडी,
आणि नद्या सगळ्या गिरण्यांखाली गाडलेल्या.
हाल्श्का द्रेव्नोविच म्हणायची,
"रात्री दोननंतर फरशीला कान लाव, बोगुमिऊ.
पाणी ज्या सुरात जातं, तो तुझ्या पियानोत नाही."
लावला कान. खालच्या बिऱ्हाडातलं घोरणं ऐकू आलं.
"तेही नाही तुझ्या पियानोत," ती म्हणाली.

सप्तकाचे तिनं एकतीस भाग केले होते,
बारा जणांच्या टेबलावर एकतीस पाहुणे बोलवावेत तसे.
पट्ट्या मात्र बाराच.
म्हणून या महिन्यात हे बारा, पुढच्या महिन्यात दुसरे.
मी किल्ली फिरवायचो, ती खिडकीकडे तोंड करून,
"थोडं खाली. अजून. केसभर. थांब...
गेलं. परत ये."
कुणाच्या केसाचं माप, ते कधी सांगितलं नाही.

सकाळी शाळेत मुलांना ती शिकवायची
तोच सगळ्यांचा डो-रे-मी, सरळ, बारा खणांचा.
एखादं पोर कणसूर लागलं
की रागवायच्या ऐवजी वहीत काहीतरी टिपून घ्यायची.
पोरं मग मुद्दाम तसंच गायची.
मुख्याध्यापिकेनं दोनदा लेखी समज दिली.

तिची आई मागावर बहिरी झालेली,
पियानोच्या लाकडावर तळवा टेकून बसायची.
जवळजवळच्या दोन तारा एकमेकींशी भांडू लागल्या
की थरथर तिच्या मनगटात चढायची,
आणि म्हातारी हसायची.
हाल्श्काचं संगीत आवडणारं शहरात तेवढं एकच माणूस.
मला? मला सवय झाली होती.
सवय आणि आवड यांत किती अंतर,
ते मोजायला एकतीसही पुरले नसते.

माझी बिलं ती आलुबुखाराच्या मुरंब्यानं फेडायची.
झाकणावर खिळ्यानं कोरलेला आकडा.
"खा. पण बरणी धुऊन परत आण."
मुरंबा निमित्ताला. बरण्या हेच तिचं वाद्य:
आत पाणी, हातात लोकर गुंडाळलेली काठी,
एका फळीवर एकतीस काचा.

एकोणीस नंबरची माझ्याकडे राहिली.
बायकोनं तीत बटणं भरली.
मी आज नेतो, उद्या नेतो.

मैफल एकदाच झाली. सत्त्याहत्तरचा नोव्हेंबर,
अग्निशमन दलाचं सभागृह, बावीस माणसं,
त्यातली नऊ शेगडीपायी आलेली.
मी तिसऱ्या रांगेत.
फळीवर अठरानंतर वीस,
मध्ये बरणीएवढी मोकळी जागा.
तिथे पोचली की दर वेळी
तिची काठी हवेतच एक ठोका द्यायची,
काचेवर दिला असता तितक्याच नेमक्या जोराचा,
आणि पुढे जायची.
मी बुटांच्या नाड्यांकडे बघत होतो.
ती त्याबद्दल कधीच काही बोलली नाही. मुरंबा येत राहिला.

परवा तिच्या भाचीनं बोलावलं.
पियानो विकायचाय, नीट लावून द्याल का?
दिला. दोन तास लागले, पैसे रोख मिळाले.
रद्दीच्या गठ्ठ्यात ती रचना सापडली.
विरामाची खूण हवी तिथे
बारीक, उजवीकडे कललेल्या अक्षरात:
बोगुमिऊकडे.
बोगुमिऊकडे.
अकरा वेळा. मोजलं मी.

घरी येऊन बटणं ताटात ओतली. बरणी घासली.
पाणी किती, ते कुठेच लिहिलेलं नाही.
नळ थेंबथेंब सोडतो, नखानं टिचकी मारतो.
जास्त झालं. थोडं ओतून देतो.
परत टिचकी.
केसभर खाली. अजून.

मागून बायको विचारते,
ही बटणं आता कशात ठेवू?