बांध

टोलीडोत, लाग्रेंज स्ट्रीटच्या टोकाला
काचमारेकबाई एकाहत्तर सालापासून त्याच घरात.
घर तसूभर हललं नाही,
मतदारसंघ तेवढा चार वेळा बदलला.
जनगणना झाली की कोलंबसला बसून
कुणीतरी बांध कोरतं.

यंदाची रेघ तळ्याकाठानं सरपटत आली,
दफनभूमीला वळसा घालून
नेमकी आमच्या दोघांच्या कुंपणात शिरली.

"मग माझा खासदार कोण?" बाई विचारतात.
मी नकाशा उलटसुलट करून बघतो.
आमच्या गावी बांधावर दगड असायचा,
रात्री तो सरकवणाऱ्याचं नाव
सकाळी पाणवठ्यावर ठाऊक असायचं.

सप्टेंबरात त्यांचे आलुबुखार
माझ्या मतदारसंघात पडतात.
बाई परत मागत नाहीत.